बारा फूट दोर

ज्या दोरानं लायल प्रूइटला फासावर चढवलं, तो दोर लायल प्रूइटनंच बारा फूट मोजून, चाकूनं कापून गिऱ्हाइकाच्या हातात दिला होता. वर "आणखी काही लागेल का, मार्शलसाहेब?" असंही विचारलं होतं. फेब्रुवारी अठ्ठावन्नच्या एका बुधवारी, संध्याकाळी आठ वाजता, अख्ख्या अमेरिकेनं हे आपापल्या दिवाणखान्यात बसून पाहिलं, आणि कुणाच्या काही म्हणजे काही लक्षात आलं नाही. हॅटेरस रस्त्यावरच्या लोकांना आजही ही गोष्ट निघाली की हातातला घास हातात राहतो. कारण त्या संध्याकाळी त्यातले निम्मे लोक लायलच्याच घरात, लायलच्याच सोफ्यावर बसून, लायलच्याच बायकोनं केलेला खिम्याचा मीटलोफ खात होते.

लायल मूळचा नेब्रास्कातला. बाप गुरांच्या लिलावात बोली पुकारायचा; त्याचा आवाज तीन परगण्यांत ओळखीचा. पोराला मात्र देवानं असा चेहरा दिला की बघणाऱ्याची नजर अळवावरच्या पाण्यासारखी त्यावरून घरंगळून जाई. नाक नाकाच्या जागी, डोळे डोळ्यांच्या जागी. कुरूप म्हणावं तर नाही, देखणा म्हणावं तर मुळीच नाही. सदतीस साली लॉस एंजेलिसच्या एका चर्चमध्ये त्याचं मेव्हिसशी लग्न लागलं. मेव्हिस तेव्हा एका मोठ्या दुकानात बायकांच्या टोप्या विकायची. चर्चच्या पायऱ्यांवर फोटोग्राफर लायलला म्हणाला होता, "साहेब, जरा बाजूला होता का? आधी नवरानवरीचा काढून घेतो." ही गोष्ट मेव्हिस वीस वर्षं हसत हसत सांगत आली. लायलही हसायचा. न हसून सांगतो कुणाला?

असा माणूस सिनेमात टिकला कसा, असं कुणीही विचारेल. अहो, त्या चेहऱ्यामुळेच टिकला! नायकाच्या पाठीमागे उभं राहायला असाच माणूस लागतो. लायल हॉटेलातला वेटर झाला, दुसरा पोलीस झाला, ज्युरीतला सातवा झाला, बोटीवरचा खलाशी झाला. शंभरावर सिनेमे झाले आणि स्टुडिओच्या फाटकावरचा पहारेकरी अकरा वर्षं रोज सकाळी त्याला विचारत राहिला, "नाव?" लायल नाव सांगायचा. दुसऱ्या दिवशी पुन्हा "नाव?"

मग टीव्ही आला आणि घोडे-बंदुकांच्या मालिकांचं पीक आलं. तीन दिवसांत एक भाग काढायचा, दर आठवड्याला नवे चोर, नवे दरोडेखोर. माणसं पुरेनात. या मालिकांचा एक कडक नियम होता. एका हंगामात एका मालिकेत जो मेला, तो त्याच मालिकेत पुन्हा जिवंत दिसता कामा नये. प्रेक्षक गोंधळले तर जाहिरातवाले चिडतात. म्हणून कोण कुठल्या भागात काय होता, याची कार्डं कचेरीत खोक्यात लावून ठेवलेली असत.

लायलचं कार्ड नेमकं तिथंच चुकलं.

सत्तावन्नच्या जुलैत 'कॉपर बेंड' या गावाच्या आणि तिथल्या मार्शलच्या, म्हणजे फौजदाराच्या, मालिकेचं चित्रीकरण चालू होतं. जेब क्रॅडॉक नावाच्या, गुरांच्या पाण्यात विष कालवणाऱ्या बदमाशाचं काम करणारा नट सकाळी सातला घोड्यावरून पडला आणि त्यानं खांदा मोडून घेतला. शेजारच्या आवारात लायल टपालवाल्याच्या वेशात कॉफी पीत उभा होता. कुणीतरी त्याला दंडाला धरून ओढत नेलं, तोंडाला छातीपर्यंतची दाढी चिकटवली आणि घोड्यापुढे उभं केलं. तीन दिवसांत क्रॅडॉक हसला, शिव्याशाप देऊन रडला आणि फाशी गेला. गडबडीत कार्डावर नाव राहिलं खांदा मोडलेल्या नटाचं, शेवटी येणाऱ्या नावांच्या पाट्यांतही त्याचंच. लायल संध्याकाळी घरी आला तेव्हा दाढी कोटाच्या खिशात तशीच होती. परत करायची राहून गेली.

तो भाग लगेच दाखवलाच नाही. मालिकेचा सगळा खर्च एका साबण कंपनीचा, आणि साबणवाल्यांना फाशी पसंत पडेना. भाग डब्यात पडला, सगळे विसरले.

ऑक्टोबरात त्याच मालिकेत एका दुकानदाराचं चिमुकलं काम निघालं. कचेरीनं खोक्यात पाहिलं. प्रूइट, लायल: या मालिकेत आजवर काहीच नाही. बोलावलं. लायलनं कमरेला एप्रन बांधला, पोटावर उशी बांधली आणि अमोस टुली होऊन गावातल्या बायकांना पीठ आणि खिळे विकले. चारच वाक्यं, पण लोकांना हा टुली आवडला. तो दोर, कापड, काही म्हणजे काही मोजायचा ते हात पसरून, एक डोळा बारीक करून, ओठ हलवत. गावोगावची पोरं घरात पडद्यांच्या दोऱ्या तसल्या मोजायला लागली. डिसेंबरपर्यंत टुली सात भागांत दिसला, आणि लायलचा एजंट गस फेनर फोनवर ओरडला, "कायमचा करार देतील असं दिसतंय, लायल! तेरा आठवडे! सुरुवातीच्या पाट्यांत तुझं नाव!"

सुरुवातीच्या पाट्यांत. वीस वर्षांत लायलचं नाव शेवटच्या पाट्यांतसुद्धा फारसं आलं नव्हतं. त्या रात्री तो मेव्हिसला म्हणाला, "एकदा तेवढं नाव येऊ दे. मग लोक मला बघतील."

"मी बघते की रोज," मेव्हिस म्हणाली.

त्या वेळी दोघांनाही ते खरंच वाटलं.

जानेवारीत साबणवाल्यांनी फाशीचा भाग दाखवायला हो म्हटलं, पण गळ्यात दोर दिसता कामा नये या अटीवर. गळ्यातला दोर कापला आणि भाग एक मिनिट चाळीस सेकंदांनी तोकडा पडला. आता काय घालायचं? लोकांना टुली आवडतो. घाला टुली! लायलला बोलावणं आलं. नवा, तरुण दिग्दर्शक हातात घड्याळ घेऊन उभा होता.

"हे बघ टुली, मार्शल येतो, दोर मागतो. तू सावकाश मोजतोस. मला एक मिनिट चाळीस सेकंद पाहिजेत, एक सेकंद कमी नको."

"दोर कशाला हवाय त्याला?"

"क्रॅडॉकला फाशी द्यायला."

लायलनं हातातला कागद पुन्हा वरपासून पाहिला. "कोण क्रॅडॉक?"

"अरे तो, गुरांना विष घालणारा. उन्हाळ्यातला भाग आहे."

"ते काम कुणी केलंय?"

"मला काय माहीत? असेल कुणी दाढीवाला. तुला काय करायचंय? तो तर मेलाय."

सांगावं, तर करार बोंबलला; मेलेला माणूस टुली म्हणून कोण ठेवून घेईल? न सांगावं, तर उद्या सगळी अमेरिका बघणार. तो दोर मोजायला लागला. हात असे कापत होते की एक हात झाला की नाही हे त्यालाच कळेना. चाकू दोरावर ठेवला, उचलला, पुन्हा ठेवला आणि मगच कापला.

"कट!" दिग्दर्शक उडालाच. "टुली, लेका, काय काम केलंस! दुकानदाराला सदसद्विवेकबुद्धी असते हे मला आज कळलं!"

तो बुधवार उजाडला. मेव्हिसनं अख्ख्या गल्लीला जेवायला बोलावलं. शेजारचे दातांचे डॉक्टर मॉर्ट झेलनिक सपत्नीक आले, सोबत बटाट्याच्या सॅलडचं भांडं. डॉक्टर म्हणजे जे बोलू नये ते आधी बोलणारा आणि जे बघू नये ते आधी बघणारा माणूस. लायल मुद्दाम सोफ्याच्या मागे, दिव्याच्या अंधाऱ्या बाजूला उभा राहिला, म्हणजे पडद्यावरचा चेहरा आणि घरातला चेहरा कुणाला एका नजरेत दिसू नये.

क्रॅडॉक पडद्यावर आला. तुरुंगात मान मागे टाकून तोंड वासून हसला. मग मार्शल दुकानात आला, टुलीनं दोर मोजला, आणि सगळ्यांनी "आमचा लायल!" म्हणून टाळ्या वाजवल्या. दोन मिनिटांनी भिंतीवर फासाची नुसती सावली दिसली, आणि क्रॅडॉकचा चेहरा शेवटचा एकदा समोर आला. तो आईला हाक मारत होता.

खोलीत कुणी हललं नाही. लायल मोजत राहिला: एक, दोन, तीन... आता कुणीतरी वळेल. आता मेव्हिस तरी वळेल.

मेव्हिसनं नाक पुसलं. तिच्या गालांवरून पाणी वाहत होतं. "काय डोळे होते गं मेल्याचे," ती झेलनिकबाईंना म्हणाली. "बदमाश असेना का! असल्या डोळ्यांच्या माणसाला मी लपवून ठेवलं असतं बाई माळ्यावर."

"नट जबरदस्त आहे," समोरच्या घरातला प्लंबर म्हणाला. "लायल, तू ओळखतोस का रे त्याला?"

"तोंडओळख आहे," लायल म्हणाला.

पाहुणे गेले. मेव्हिस भांडी धुता धुता आणखी दोनदा त्या डोळ्यांबद्दल बोलली. लायल टॉवेल हातात घेऊन तिच्याकडे टक लावून बघत होता. पकडला जाईन म्हणून महिनाभर ज्याची झोप उडाली होती, तो पकडला गेला नाही, आणि आता त्याला जे वाटत होतं त्याला नाव नव्हतं. एकवीस वर्षं ही बाई त्याच्यासमोर बसून नाश्ता करत होती.

सकाळी तो गवत कापायला बाहेर आला, तर कुंपणापाशी डॉक्टर झेलनिक झोपेच्या कपड्यांत उभे. डोळे तांबारलेले.

"लायल, एक विचारतो, खरं सांग. वरच्या जबड्यात डावीकडे, मागून दुसरी दाढ. सोन्याची टोपी. त्रेपन्नच्या मार्चमध्ये मी बसवली. पुढच्या कडेला एक खाच राहिलीय, कारण तू ऐन वेळी शिंकलास. बरोबर?"

"असेल. सकाळी सकाळी दाढेचं काय काढलंस?"

"काल तो क्रॅडॉक तोंड वासून हसला." डॉक्टरांचा आवाज कुजबुजीतूनही किंचाळल्यासारखा येत होता. "माझी खाच, लायल! माझी स्वतःची खाच! एकवीस इंची पडद्यावर! मी रात्रभर झोपलो नाही. अख्ख्या अमेरिकेत तसल्या दोन दाढा असणं शक्य नाही. तू स्वतःला फाशी दिलीस की रे! आणि दोरही तूच विकलास!"

"हळू बोल, डॉक्टर! मेव्हिसला माहीत नाही."

झेलनिक कुंपणावर बसायचेच बाकी राहिले. "बायकोला माहीत नाही? अरे, ती माळ्यावर लपवणार होती तो..."

"तो मीच."

डॉक्टर झेलनिकनी आपल्याच दाढेवरून बोट फिरवून पाहिलं. शेवटी म्हणाले, "दातांपलीकडे माणसाचं काहीच खरं नसतं बघ."

शुक्रवारी गसचा फोन आला. स्टुडिओत पत्रांचा आणि तारांचा पाऊस पडला होता, सगळा त्या फाशी गेलेल्या माणसासाठी. निर्माता कार्ल ओस्टरमननं पाटीवर नाव होतं त्या नटाला बोलावलं, तर तो बिचारा प्रामाणिकपणे म्हणाला, "साहेब, तो मी नव्हेच, मी प्लॅस्टरमध्ये होतो." आता सगळा स्टुडिओ त्या दाढीवाल्याला शोधत होता.

"मी सांगून टाकलं, तो माझाच माणूस आहे," गस म्हणाला. "नाव सांगितलं एझ्रा कील. आयत्या वेळी सुचलं. सोमवारी दहाला ओस्टरमननं बोलावलंय."

"गस, तुला वेड लागलंय का?"

"ऐक तर. साबणवाले एकाच कायमच्या माणसाचा खर्च देणार आहेत. एक तर टुली, नाही तर हा दाढीवाला. दाढीवाल्याचा जुळा भाऊ आणणार म्हणतात. कुणीही घेतला तरी तूच! दाढी लाव आणि जा."

"आणि टुली?"

"जाईल मिसूरीला बहिणीकडे. दुकानदार कुठंही जातात."

लायलनं फोन ठेवला, आणि जन्मात पहिल्यांदा त्याला एका माणसाचा मनापासून हेवा वाटला. तो माणूस तोच होता.

रविवारी तिसऱ्या प्रहरी तो न्हाणीघरात आरशापुढे दाढीला डिंक लावत असताना मेव्हिस कपड्यांची टोपली घेऊन दार ढकलून आत आली. टोपली हातातून सुटली. आरशात जेब क्रॅडॉक उभा होता, अंगात लायलचा गंजीफ्रॉक.

"मेव्हिस, घाबरू नकोस."

तिनं आधी त्याच्याकडे पाहिलं, मग आरशाकडे, मग पुन्हा त्याच्याकडे. मग ती टबाच्या कडेवर मटकन बसली.

"तू?"

"हो."

"बुधवारचा तो... तू?"

"खांदा मोडला होता एकाचा. घाईत झालं. मला वाटलं, तू ओळखशील."

"मी त्याच्यासाठी रडले, लायल," मेव्हिस म्हणाली. आवाज अगदी बारीक झाला होता. "तुझ्यासाठी कधी रडले का मी? एकदा तरी? मला आठवतच नाहीये."

"मी कधी मेलोच नाही गं तुझ्यासमोर."

"गप्प बस! एकवीस वर्षं तुझे डोळे इथेच होते?" ती उठली, त्याची हनुवटी, म्हणजे दाढीच, मुठीत धरून तिनं त्याचं तोंड खिडकीच्या उजेडाकडे वळवलं आणि दुकानात टोपी पारखावी तशी बघत राहिली. मग एकदम सोडून दिली आणि निघून गेली. त्या रात्री त्यांच्याकडे चूल पेटली नाही. चहा-टोस्टवर भागलं, आणि तेही न बोलता.

सोमवारी दहाच्या ठोक्याला फाटकावर पहारेकऱ्यानं विचारलं, "नाव?"

"एझ्रा कील."

"अरे वा, फाशीवाले! या, या!" पहारेकऱ्यानं टोपी काढली. अकरा वर्षांत पहिल्यांदा.

ओस्टरमन खुर्चीतून उठून दारापर्यंत आला. त्याची नजर गिधाडाची, हे स्टुडिओत सगळ्यांना ठाऊक. शंभर पावलांवरून तो खोटी मिशी ओळखायचा अशी ख्याती.

"मिस्टर कील! तुमच्या मरणानं माझी झोप उडवली. बसा. आता ऐका गंमत. तुमचा जुळा भाऊ कॉपर बेंडला येतो सूड घ्यायला. पहिला सूड कुणावर? ओळखा."

"मार्शलवर?"

"मार्शल मेला तर आपण सगळे घरी! नाही. ज्यानं दोर विकला त्याच्यावर!" त्यानं टेबलावर थाप मारली. "त्या दुकानदार टुलीवर. त्याच्याच दुकानात, त्याच्याच पिठाच्या पिपावर तुम्ही त्याला आडवा करता. दोघं एका चौकटीत, समोरासमोर, नाकाला नाक भिडवून. लोक ओरडतील! गुरुवारी चित्रीकरण."

लायलनं दाढी चाचपून पाहिली. "टुलीला सांगितलंत?"

"अजून नाही. साधा माणूस आहे, तक्रार करणार नाही. काय बरं त्याचं नाव, मिस डॉब्स?"

सेक्रेटरीनं कागद चाळले. "प्रूइट."

"हां, प्रूइट. छान आहे बिचारा. पण खरं सांगू का, उद्या तो नसला तरी कुणाच्या लक्षात येणार नाही."

लायल उठला. महिनाभर तो ज्याला भ्यायला होता ते त्यानं आपल्याच हातानं करायचं ठरवलं. कानापासून हनुवटीपर्यंत दाढी ओरबाडून काढली. कातडी निघाल्यासारखी झणझणली.

ओस्टरमन शांतपणे बघत होता. "दाढी खोटी होती तर. ठीक आहे, चेहरा चालेल. मग?"

"मी प्रूइट."

"कोण प्रूइट?"

"टुली, साहेब. तुमचा टुली. जो उद्या नसला तरी चालेल तो."

ओस्टरमननं मान हलवली. "थट्टा करू नका. टुलीला मी ओळखत नाही होय? टुली जाड आहे. आणि तुमच्यापेक्षा चार बोटं उंच."

आता मात्र लायलला हसावं की रडावं कळेना. तो खिडकीपाशी गेला, पडद्याची दोरी ओढून घेतली, हात पसरले, एक डोळा बारीक केला आणि ओठ हलवत मोजायला लागला. एक. दोन. तीन. चौथ्या हाताला मिस डॉब्सच्या हातातले कागद जमिनीवर पडले. सहाव्याला ओस्टरमन उभा राहिला.

"बारा फूट," लायल म्हणाला. "आणखी काही लागेल का, मार्शलसाहेब?"

मिस डॉब्सनं अशी किंकाळी मारली की खालच्या मजल्यावरचे लोक आग लागली म्हणून बाहेर आले.

ओस्टरमननं त्याच क्षणी तो भाग प्रक्षेपणाच्या खोलीत लावायला सांगितला आणि तीन वेळा पाहिला. पहिल्यांदा शिव्या दिल्या, दुसऱ्यांदा डोकं धरलं, तिसऱ्यांदा नुसताच बसून राहिला. "स्वतःलाच दोर विकलास," तो पुटपुटला. "माझ्या नाकाखाली. साबणवाल्यांच्या नाकाखाली. हजारभर पत्रं आली, प्रूइट, आणि एक, एक माणूस..."

"माझ्या दातांच्या डॉक्टरनं ओळखलं," लायल म्हणाला.

ओस्टरमननं त्याच्याकडे असं पाहिलं, जणू तो आत्ताच खोलीत आला होता. मग उठून दिवा लावला. "गुरुवारचा भाग बदलता येणार नाही, जाहिरात गेलीय. दोघांपैकी एक मरणार. करार एकाचाच. कोण मरायचं ते तू सांग. मला आता या बाबतीत माझ्या डोळ्यांवर भरवसा नाही."

लायलनं घरी फोन लावला. मेव्हिस त्याच्याशी कालपासून बोलत नव्हती, तरी तिनं फोन उचलला.

"दोघांतला एक ठेवायचाय, मेव्हिस. कुणाला ठेवू? दाढीवाल्यावर लोक जीव टाकतायत. तूसुद्धा."

पलीकडे भांड्यावर झाकण आपटल्याचा आवाज आला.

"टुलीला जगव," ती म्हणाली. "त्याचं तोंड उघडं आहे, दाढीबिढी नाही. उघड्या तोंडाकडे वीस वर्षं मी नीट पाहिलं नाही, आता बघेन म्हणते. लोकांनाही बघू दे. पाटीवर नाव त्याच्या खाली येऊ दे."

"आणि दुसरा?"

"दुसऱ्याचं माझं मी बघते. तू तिकडे नाक खुपसू नकोस."

गुरुवारी जुळा क्रॅडॉक दुकानात शिरला, आणि टुलीनं काउंटरखालून दुनळी बंदूक काढली. पाठमोरा क्रॅडॉक म्हणून एका घोडेस्वाराला दाढी लावून उभा केला होता; समोरून चेहरा दिसायचा तेव्हा लायल दाढी लावायचा, आणि मग पळत जाऊन उशी बांधायचा. गोळी त्यानंच घातली, छातीवर हात ठेवून पडलाही तोच. भाग दिसला त्या दिवशी हॅटेरस रस्त्यावर पुन्हा पंगत बसली. या वेळी सगळ्यांना सगळं ठाऊक होतं, तरी क्रॅडॉक पडला तशी मेव्हिस मोठ्यानं रडली, आणि रडता रडता शेजारी बसलेल्या नवऱ्याच्या मांडीवर एक सणसणीत चापट मारली. झेलनिक डॉक्टर पडद्याला नाक लावून ओरडत होते, "तोंड उघड! तोंड उघड, लायल!"

टुली पुढे तीन वर्षं दुकान चालवत होता. सुरुवातीच्या पाट्यांत नाव आलं, मार्शलच्या घोड्याच्या नंतर, पण आलं. बाजारात बायका लायलला थांबवून घेवड्याचे भाव विचारायच्या. फाटकावरचा पहारेकरी "या टुलीसाहेब" म्हणायला लागला. लायलनं त्याला खरं नाव कधी सांगितलं नाही; अकरा वर्षं सांगून झालं होतं.

एवढंच की स्टुडिओच्या कपडेपटातून दर सहा महिन्यांनी चिठ्ठी यायची: छातीपर्यंतची काळी दाढी, एक, परत मिळाली नाही. मेव्हिस दर वेळी सुवाच्य अक्षरात उत्तर लिहायची की ती हरवली.

आणि एका रविवारी सकाळी झेलनिक कुंपणावर कोपर टेकून अगदी साळसूदपणे म्हणाले, "लायल, काल संध्याकाळी तुमच्याकडे पडदे ओढलेले होते. खिडकीत कुणी दाढीवाला दिसल्यासारखा वाटला. कोण रे तो?"

लायल गवत कापत राहिला. कान मात्र तांबडेलाल झाले.

स्वयंपाकघराच्या खिडकीतून मेव्हिसचा आवाज आला, "माझा पाहुणा आहे, डॉक्टर! माळ्यावर राहतो. तुम्ही आपले दात बघा!"